पडद्यावरचं नाव

६ फेब्रुवारी, मलिंगार

आज दुपारी हरीशचा फोन आला. हे गेल्यापासूनचा त्याचा पहिलाच. आधी मी ओळखलंच नाही. आवाज जड झालाय, मोठ्या माणसांचा होतो तसा. मग त्याने तेलुगूत विचारलं, "अम्मा, वरणभात आहे का?" आणि मी खुर्चीत बसले. हैदराबादला कृष्णानगरच्या घरी जिना चढताना तो रोज हेच ओरडायचा.

हरीश म्हणजे ह्यांचा असिस्टंट. वारंगळकडून आला तेव्हा अंगावरच्या कपड्यांशिवाय त्याच्याकडे काही नव्हतं. आमच्या हॉलमध्ये खाटेवर झोपायचा, चार वेळा भात मागून घ्यायचा. आता तो निर्माता आहे आणि लेखकही म्हणवतो. पोस्टरवर त्याचं नाव हिरोच्या नावाएवढं असतं. ह्यांच्या अंत्यविधीला आला नाही, बँकॉकला शूटिंग होतं. हार मात्र पाठवला. इतका मोठा, की दारातून आत येईना. शेवटी बाहेरच्या भिंतीला टेकवून ठेवला, तिथे बकरीने खाल्ला.

त्याला इथे आयर्लंडला सिनेमाचं शूटिंग करायचं आहे. जागा बघायला पुढच्या महिन्यात येतोय. म्हणाला, "अम्माला भेटल्याशिवाय मी कॅमेरा लावणार नाही."

संध्याकाळी आमचा अंबरीश हॉस्पिटलच्या ड्युटीवरून आल्यावर सांगितलं. तो म्हणाला, "कोण हरीश? ज्याने माझी खाट घेतली होती, तो?"

"तू तेव्हा लहान होतास. तुला माझ्याजवळ झोपायला आवडायचं."

"मला विचारलं होतं कुणी?" म्हणाला आणि प्रेस उघडून कप शोधत बसला. इथे कपाटाला प्रेस म्हणतात. मीही म्हणायला लागलेय.

११ फेब्रुवारी

हरीश येणार म्हणून जुनं सगळं डोक्यात फिरतंय. लिहून ठेवते. असं रोजचं लिहायला माझी मीच शिकले. शाळा सातवीपर्यंतच झाली, म्हणून अक्षर असं.

हे सोलापूरचे, पद्मशाली विणकर. घरात तेलुगू, बाहेर मराठी. बार्शीला आमच्या दारावर चादरी विकायला यायचे. चादर उलगडता उलगडता आदल्या आठवड्यात पाहिलेला सिनेमा सांगायचे. गल्लीतल्या बाया चादर न घेता गोष्ट ऐकून जायच्या. मी दोन्ही घेतलं. आमच्या घरच्यांनी मग माझं नाव टाकलं.

हैदराबादला गेल्यावर कळलं की ह्यांना तेलुगू वाचता येत नाही. बोलता येत होती, पण तीही मागवाल्यांची. फिल्मवाले हसायचे. शाळा मराठीत झालेली, तेलुगू अक्षर कधी गिरवलंच नव्हतं. मग मी पहिलीचं पुस्तक आणलं. बसच्या पाट्या, पोस्टरं, किराण्याचे कागद वाचत गेले आणि ह्यांच्या आधी मलाच वाचता यायला लागलं. बोलताना मात्र अजून अडखळते. ह्यांनी काही मनावर घेतलं नाही. म्हणायचे, "लिहायला माणसं मिळतात. सांगायला मिळत नाहीत."

ते खरंच होतं. तेलुगू सिनेमात गोष्ट कागदावर नंतर येते. आधी ती सांगतात. हिरोला, निर्मात्याला समोर बसवून दोन-दोन तास. ह्यांच्यासारखं सांगणारं कुणी नव्हतं. पाऊस सांगितला तर समोरचा माणूस पाय वर घेऊन बसायचा. त्या सांगण्यावर 'रंगम्मा मग्गम' मिळाला. रंगम्माचा माग. तो खूप चालला. ह्यांनी स्वतःचं बॅनर काढलं, निर्माते झाले. घराखाली दोन गाड्या उभ्या राहिल्या. नंतरचे पडले, गाड्या गेल्या, माणसं गेली. शेवटची कित्येक वर्षं एकच गोष्ट घेऊन हिरोंच्या ऑफिसात बसून यायचे. सगळे ऐकायचे, रडायचेसुद्धा, आणि म्हणायचे, सर, ह्यात हिरो कुठे आहे?

हरलेल्या माणसाची गोष्ट लोकांना नको असते. ह्यांचं नाव आता कुणी घेत नाही.

२ मार्च

हरीश येऊन गेला. सगळं नीट लिहायचं आहे.

काळी मोठी गाडी. बरोबरच्या दोघांना गाडीतच बसवलं. दारात वाकून पाया पडला, मग पोटावर हात ठेवून म्हणाला, "आता खाली जाता येतं, वर यायला त्रास होतो." माझी सून रुचा हसली. तिचं ऑफिस लांब, चेरीवूडला, पण शनिवार म्हणून घरी होती. मी मुद्दपप्पू, म्हणजे घट्ट वरण, आणि गोंगुरा, म्हणजे अंबाडीची भाजी, केली होती. गोंगुरा इथे फ्रोझन मिळतो. त्याने भात चार वेळा मागून घेतला नाही, दोन चमचे खाऊन हात धुतला. शुगर आहे म्हणे.

जेवण झाल्यावर म्हणाला, "अम्मा, गोष्ट सांगतो. तुमच्या कानावर घातल्याशिवाय सुरू करणार नाही." गालिच्यावर मांडी घालून बसला. ह्यांची बैठक अशीच होती. उजवा गुडघा थोडा वर, बोटं मोकळी. डोळे मिटून घेतले आणि सुरुवात केली. पहिल्या वाक्याला माझ्या हातातला वाडगा खाली ठेवावा लागला.

ती ह्यांची गोष्ट होती. कुणी न घेतलेली.

विणकराची बायको नरसम्मा. नवरा काही न सांगता शहरात निघून जातो. ती माग चालवते, मुलगा वाढवते. नवरा म्हातारा होऊन परत येतो, दारात उभा राहतो. सगळं गाव जमलेलं. आता ही रडणार, नाहीतर चप्पल मारणार. ती तांब्या पुढे करते आणि विचारते, "पाणी पिऊन जाणार, की जेवायला थांबणार?" इथे इंटरव्हल.

पुढे ती त्याला ओसरीवर राहू देते. वेळेवर ताट ठेवते, पण बोलत नाही. मुलगा आता आयर्लंडला डॉक्टर आहे. हा भाग हरीशने घातला, म्हणजे हिरोला गाणं मिळालं आणि आम्हाला हा पाहुणा. शेवटी नवरा मरतो. बाया तिच्या बांगड्या फोडायला येतात. ती हात मागे घेते. म्हणते, "त्याच्या नावाच्या मी तो गेला त्याच वर्षी फोडल्या. ह्या माझ्या कमाईच्या आहेत."

हरीशने डोळे उघडले तेव्हा रुचा रडत होती, आणि तिला तेलुगू येत नाही. नुसत्या त्याच्या हातांकडे बघून रडत होती. हे तसंच सांगायचे. श्वास घ्यायची जागासुद्धा तीच.

मी म्हटलं, "छान आहे."

तो म्हणाला, "अम्मा, तुमच्यापासून काय लपवायचं?"

३ मार्च

रात्री झोप लागली, ह्याचंच नवल वाटतंय.

तांब्याचा प्रसंग माझ्या आईचा. वडील इंदूरला निघून गेले होते. परत आले तेव्हा आईने हेच विचारलं होतं. मी उंबऱ्यात उभी होते. ह्यांना एकदा सहज सांगितलं आणि ह्यांनी तेवढ्यावरून केवढी गोष्ट उभी केली. हुशारी ती हीच. प्रसंग कुणाच्याही घरात घडतात.

बांगड्यांचं वाक्य जमत नव्हतं ती दुपार आठवते. हॉलमध्ये हे, हरीश आणि आणखी तिघे-चौघे. हे आतल्या बाजूला तोंड करून मोठ्याने विचारायचे, "ए, ती बाई आता काय म्हणेल गं?" मी स्वयंपाकघरातून सांगायचे. नेहमीचंच होतं ते. त्या दिवशी मी पुऱ्या तळत होते, झाऱ्या हातात धरूनच ते वाक्य सांगितलं. हे लगेच म्हणाले, "बघा, माझ्या मनात हेच होतं." मला किती बरं वाटलं. दोघांच्या मनात एकच येणं सोपं नाही. शेवटाबद्दलही मला काही सांगायचं होतं म्हणून बाहेर गेले, तर म्हणाले, "तू चहा बघ." बरोबरच होतं. पुरुषमाणसं बसली होती.

ह्यांच्या दहाव्याला सोलापूरला नणंदांनी माझ्या बांगड्या काढल्या. मी हात पुढे केला. मला काही सुचलं नाही. सिनेमातल्या बायकांना वेळेवर सुचतं.

आज हरीशला फोन करून विचारलं, पडद्यावर गोष्ट कुणाच्या नावावर जाणार? म्हणाला, "अम्मा, हिरोच्या लोकांना माझं नाव हवंय. माझ्या नावावर सिनेमा विकला जातो." मी म्हटलं, "ज्याने गोष्ट केली त्याचं नाव." तो म्हणाला, "बघतो."

मला दुसरं काही नको. एकदा ते नाव पडद्यावर दिसू दे. थिएटरात बसलेल्या लोकांनी वाचू दे.

१० मार्च

अंबरीशशी वाद झाला. तो म्हणतो नावाचं सोडून दे. "बाबांनी ज्यांची गोष्ट घेतली त्यांची नावं कधी घातली?"

"कुणाची घेतली?"

तो माझ्याकडे बघतच राहिला. मग म्हणाला, "काही नाही. माझी ड्युटी आहे."

"तुझ्या बापाचं नाव आहे ते."

"माझ्या पासपोर्टवर आहे. तेवढं पुरे."

शर्वाणी पायरीवर बसून बूट घालत होती. बापाला म्हणाली, "डॅड, बी नाइस टु आजी." बारा वर्षांची आहे. मराठी सगळं कळतं, बोलत नाही. अंबरीश तसाच किल्ली घेऊन निघाला. रागावला की मुकाट्याने निघून जातो. ह्यांच्यावर गेलाय म्हणावं, तर तो अजून चिडेल.

९ एप्रिल, पाडवा

तेलुगू लोकांचा आज उगादी. तळ्याकाठी सिनेमाचा मुहूर्त केला. गावाबाहेर लॉक एनेल म्हणून मोठं तळं आहे तिथे. वारा असा, की देवाच्या तसबिरीला दोन माणसं धरून उभी. पहिला शॉट आधी देवांवर घेतात. नारळ फोडायला, आरती करायला घरची बाई म्हणून हरीशने मला बोलावलंय असं मी धरून चालले होते. नेसून तयार होते, बनारसी. तिथे गेल्यावर त्याच्या मॅनेजरने ताट रुचाच्या हातात दिलं. रुचा म्हणाली, "आईंना द्या ना." तो खाली बघून हातरुमाल चाळवत राहिला.

मीच म्हटलं, "घे गं." ह्यांच्याही मुहूर्ताला विधवा पुढे येत नसे. ह्यांनी सख्ख्या आईला गाडीत बसवून ठेवलं होतं 'रंगम्मा'च्या वेळी. त्या गाडीच्या काचेतून बघत होत्या. धंद्यात एवढे पैसे गुंतलेले असतात, कुणी धोका घेणार नाही. मी जरा बाजूला, सामानाच्या ट्रकपाशी उभी राहिले. एक आयरिश ड्रायव्हर होता, त्याने खुर्ची आणून दिली आणि म्हणाला, "यू आर ग्रँड देअर, लव्ह." मला त्याचं बोलणं निम्मं कळलं, पण खुर्ची कळली.

संपल्यावर हरीश आला. त्याला माझा व्हिडिओ हवा आहे. हैदराबादेत यूट्यूबवर कुणीतरी उठवलंय की हरीशने गुरूची गोष्ट चोरली. जुने असिस्टंट कुठेतरी बोलले असणार. गुरुपत्नीने चार शब्द आशीर्वादाचे बोलले की लोकांची तोंडं बंद होतील.

म्हणजे हा वरणभातासाठी आला नव्हता.

मी म्हटलं, "आधी नाव."

रुचा गाडीत म्हणाली, "बरोबर केलंत आई. सोडू नका आता."

१४ एप्रिल

आज हरीश एकटाच आला, स्वतः गाडी चालवत. अंबरीश ड्युटीवर होता. रुचाने चहा केला. कप हातात घेऊन तो म्हणाला, "अम्मा, हिरोशी बोललो. तयार झाला. नाव घालतो."

मी हात जोडले. तो म्हणाला, "थांबा. सरांचं नाही. तुमचं घालतो. कथा, शुभदा येमूल."

मला वाटलं माझ्या तेलुगूची गडबड झाली. "माझं कशाला?"

"गोष्ट तुमची आहे म्हणून."

"हरीश, थट्टा करायची वेळ आहे का ही?"

"थट्टा नाही. सरच म्हणाले होते. शेवटी शेवटी मी भेटायला आलो होतो, तुम्ही देवळात गेला होता. म्हणाले, हरीशा, ही गोष्ट घरातली आहे, तिची आहे. माझ्या नावावर कुणी घेतली नाही ते एका परीने बरं झालं."

मी म्हटलं, "हे असं बोलणारच नाहीत. मला कधी म्हणाले नाहीत, ते तुला म्हणतील?"

"तुम्हाला कसं म्हणतील?"

रुचा दारात उभी होती. आमचं तेलुगू तिला कळत नव्हतं म्हणून मी मराठीत सांगितलं काय चाललंय ते. ती म्हणाली, "आई, त्याचं ऐकून तरी घ्या."

"काय ऐकू? मी आयुष्यात एक ओळ लिहिलेली नाही. मी पुऱ्या तळत होते."

हरीश म्हणाला, "अम्मा, आम्ही हॉलमध्ये बसून तुमचीच वाट बघायचो. सर मोठ्याने विचारायचे ते कशाला? आम्हा सगळ्यांना माहीत होतं."

"म्हणजे तुम्ही सगळे बसून ह्यांना हसत होता. माझ्या घरात, माझा भात खाऊन."

"हसत नव्हतो. लिहून घेत होतो."

मला इतका संताप आला. मी कपबशी टेबलावर ठेवून दिली. आता लिहिताना सगळं स्वच्छ दिसतंय. ह्यांचं नाव घातलं तर लोक म्हणणार, बघा, गुरूचीच गोष्ट होती. माझं नाव घातलं तर कुणाला काय? कोण ही मराठी बाई, कुठली, विचारणारं कुणी नाही. चोरी झाकली जाणार आणि वर औदार्यही दिसणार. पस्तीस वर्षं ह्या लोकांमध्ये काढली, एवढं मला कळतं. जिवंतपणी ह्यांची गोष्ट घेतली नाही, आता मेल्यावर काढून घ्यायची आणि तीही माझ्या हाताने.

मी सांगितलं, "कथा, दत्तात्रय येमूल. नाहीतर व्हिडिओ नाही. आणि उद्या मीच यूट्यूबवाल्याला फोन करीन."

तो म्हणाला, "तुम्ही म्हणाल तसं. पण अम्मा, एकदा पडद्यावर गेलं की मला ते बदलता येणार नाही."

"बदलायचं कशाला?"

उठला, पाया पडला. दाराशी बूट घालताना त्याला वाकता येईना, भिंतीला धरून घातले. मला म्हणाला, "तुम्ही शेवट वेगळा सांगणार होता. त्या दिवशी बाहेर आला होता. काय होता तो?"

मी म्हटलं, "विसरले."

विसरले नाही. पण त्याला कशाला सांगू?

तो गेल्यावर रुचा भांडी घासत होती. डिशवॉशर असताना. म्हणाली, "आई, आख्ख्या जन्मात एकदा कुणी तुमचं तुम्हाला द्यायला आलं होतं."

रुचाला ह्यांच्याबद्दल कधीच आदर नव्हता. अंबरीशने तिचे कान भरलेत.

१६ एप्रिल

व्हिडिओ दिला. आमच्याच बैठकीत घेतला, ह्यांचा फोटो मागे ठेवून. कॅमेरावाला म्हणाला, साधं बोला. मी तेलुगूत बोलले, घोकून ठेवलं होतं. "ही गोष्ट माझ्या मिस्टरांनी रचली. शब्दन् शब्द त्यांचा आहे. हरीश त्यांच्या मुलासारखा आहे, त्याला माझा आशीर्वाद." एकदाही अडखळले नाही.

हरीश कॅमेऱ्याच्या मागे होता. शब्दन् शब्द म्हटलं तेव्हा तो खिडकीबाहेर बघायला लागला.

जिंकले मी. हे असते तर म्हणाले असते, पोरगी बार्शीची आहे.

२५ ऑगस्ट

मधे काही लिहिलं नाही. लिहिण्यासारखं नव्हतं. लायब्ररीतून शर्वाणीच्या वयाच्या मुलांची पुस्तकं आणून वाचते. इंग्रजी आता बरंच कळतं. बाई ओळखीची झालीय, नवीन आलेलं बाजूला काढून ठेवते.

आज व्हिडिओ सगळीकडे पसरलाय असं अंबरीशने जेवताना सांगितलं. त्याच्या हॉस्पिटलातल्या एका तेलुगू डॉक्टरने त्याला दाखवला. "लाखांनी लोकांनी पाहिलाय. शब्दन् शब्द," म्हणाला. मला वाटलं त्याला अभिमान वाटला असेल. तो भात कालवत म्हणाला, "मी आतल्या खोलीत अभ्यास करायचो, आई. मधे भिंत होती, बहिरा नव्हतो."

मी ताक वाढलं.

११ जानेवारी

संक्रांतीच्या तोंडावर सिनेमा लागला. विमानतळाजवळ स्वोर्ड्सच्या थिएटरात दुपारचा खेळ. अंबरीश आला नाही. रुचा, शर्वाणी आणि मी. विमानतळावर काम करणारी, ऑफिसांतली तेलुगू मुलं-मुली, पोरंबाळं, डबे. तिथे आत डबे नेऊ देत नाहीत, तरी पुलिहोऱ्याचा, म्हणजे चिंचभाताचा, वास आला.

हिरोच्या नावाला शिट्ट्या. मग पाट्या यायला लागल्या. मी चष्मा आधीच पुसून ठेवला होता. तेलुगू अक्षरात आलं: कथा, कीर्तिशेष दत्तात्रय येमूल. एकटंच, मधोमध, काळ्यावर पांढरं. मी पूर्ण वाचलं. एका माणसाने टाळी वाजवली, मग बऱ्याच जणांनी वाजवली. रुचाने माझा हात धरला नाही. मी वाट बघत होते.

मला वाटलं होतं रडू येईल. नाही आलं. नाव गेलं, पुढचं आलं, सिनेमा सुरू झाला.

नवरा दारात येऊन उभा राहिला. नरसम्माने तांब्या पुढे केला. "पाणी पिऊन जाणार, की जेवायला थांबणार?" खाली इंग्रजीत उमटत होतं. शर्वाणी खुदकन हसली आणि माझ्या कानाशी म्हणाली, "आजी, दॅट्स व्हॉट यू से टु डॅड." मी तिला गप्प बस म्हटलं. इंटरव्हलला ती मागेच लागली. "बट यू डू. एव्हरी टाइम." अंबरीश ड्युटीच्या मधे घरी डोकावतो तेव्हा मी विचारते, खरं आहे. सगळ्याच बाया विचारत असतील.

दुसऱ्या भागात ती बोलत नाही. ताट ठेवते, उचलते. किती वेळ नुसतं तेवढंच. मागची मुलं चुळबुळ करत होती. मी त्या नटीच्या हातांकडे बघत होते. मी ताट ठेवून डावा हात पदराला पुसते, तशी ती पुसत होती. हे तिला कुणी सांगितलं? ह्यांच्या सांगण्यात ते नव्हतं. हे स्वयंपाकघरात कधी आलेच नाहीत.

मग बांगड्या. ती हात मागे घेते, ते वाक्य म्हणते. थिएटरात एक सुस्कारा पसरला आणि मग लोक उभे राहिले. बायका उभ्या राहून टाळ्या वाजवत होत्या. माझ्या समोरची बाई रडत होती. मी बसून राहिले. पुढे माणसं उभी होती, मला पडदा दिसत नव्हता. नुसता आवाज येत होता. त्या वेळी वाटलं, शेवट असा नकोच होता. नरसम्माने त्या बांगड्या काढून त्या बायांना एकेक वाटायला हव्या होत्या. त्या दिवशी हेच सांगायला मी बाहेर गेले होते. ह्यांना ते आवडलं नसतं.

बाहेर लॉबीत मला ओळखलं. व्हिडिओ सगळ्यांनी पाहिलेला. बायकांनी घेरलं. कुणी पाया पडली, कुणी फोटो काढला. एक विमानतळाच्या युनिफॉर्ममधली, गळ्यात ओळखपत्र तसंच, माझे दोन्ही हात धरून म्हणाली, "अम्मा, बाईच्या मनातलं सरांना कसं हो कळलं इतकं? माझ्या आईच्या मनातलं होतं ते सगळं. पुरुषाला हे कसं कळेल?"

दुसरी म्हणाली, "अगं, शब्दन् शब्द त्यांचा. अम्मांनीच सांगितलंय ना."

"तुम्हाला किती जपत असतील."

"हो," मी म्हटलं.

रुचा थोडी लांब उभी होती, शर्वाणीचा कोट हातात घेऊन. माझ्याकडे बघत होती. मला वाटलं, आता ती काहीतरी बोलेल. मी बोलले नाही तरी ती बोलेल. तिने कोटाची चेन लावली, उघडली, आणि गाडी आणते म्हणून निघून गेली.

युनिफॉर्मवालीने विचारलं, "आणि सर लिहायचे तेव्हा तुम्ही काय करायचा, अम्मा?"

सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. मी चष्मा काढून पदराने पुसला. त्यांना वाटलं मला ह्यांची आठवण आली, म्हणून एकीने पाठीवर हात ठेवला.

मी म्हटलं, "स्वयंपाक."

त्यांना ते उत्तर फार आवडलं.